भांडवल नसताना निर्माता होता येते का?

हाताशी भांडवल नाही, घरात कुणाचाच चित्रपटाशी संबंध नाही आणि शिक्षण लातूरला बी.कॉम.पर्यंत झाले आहे, अशा स्थितीत निर्माता होता येईल का, असे तुम्ही विचारले आहे. मी मूळचा अंबाजोगाईचा असून मुंबईत मालिका व चित्रपटांच्या निर्मिती विभागात काम करतो. माझे उत्तर होकारार्थी आहे.

पैसे घालणारा आणि चित्रपट प्रत्यक्ष उभा करणारा, ही माणसे वेगळी असू शकतात. १९२९ साली कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी निघाली, तेव्हा भांडवल सीताराम कुलकर्णी यांनी पुरवले आणि निर्मितीचा भार दामले, फत्तेलाल, शांताराम व धायबर यांनी वाहिला. तुम्हाला मोकळी असलेली वाट कार्यकारी निर्मात्याची आहे. त्याचे नाव श्रेयनामावलीत इतक्या वेगाने सरकते की घरच्यांनाही ते वाचता येत नाही.

पटकथा हाती आली की तो प्रत्येक दृश्याची फोड करतो. कलाकार किती, स्थळ कोणते, दिवस की रात्र, वाहने व प्राणी लागणार का, यावरून वेळापत्रक आणि अंदाजपत्रक ठरते. वेरूळला चित्रीकरण करायचे असेल, तर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाची पूर्वपरवानगी लागते. शिवाय वेरूळची लेणी मंगळवारी आणि अजिंठ्याची सोमवारी बंद असतात, हे ध्यानात ठेवून तारखा मांडाव्या लागतात. दृश्यात बैलजोडी असेल, तर प्राणी कल्याण मंडळाची परवानगी आधीच घ्यावी लागते, अन्यथा सेन्सॉर प्रमाणपत्राच्या वेळी ते दृश्य अडते. (दिग्दर्शकाला बैल बहुधा आदल्या रात्रीच सुचतात.)

दैनंदिन मालिकेतला ताण निराळा आहे. अर्ध्या तासाच्या भागात सुमारे २२ मिनिटांचा मजकूर लागतो आणि तो जवळजवळ रोज लागतो. आगाऊ तयार भागांची बँक संपत आलेली असताना मुख्य अभिनेत्री आजारी पडली, तर लेखकाकडून प्रसंग बदलून घेणे, वाहिनीची मंजुरी मिळवणे आणि तोवर सेट रिकामा बसू न देणे, हे सारे कार्यकारी निर्मात्याच्याच गळ्यात येते.

अशा कामात तुमचे बी.कॉम. उपयोगी आहे. जीएसटी, टीडीएस आणि रोजच्या खर्चाचा मेळ घालू शकणारा सहायक निर्मिती विभागाला हवाच असतो, आणि माझ्या मते अभिनयाची आवड सांगत येणाऱ्यापेक्षा त्याला काम लवकर मिळते. मुंबई गाठण्यापूर्वी राज्य नाट्य स्पर्धेत उतरणाऱ्या एखाद्या हौशी संघाच्या प्रयोगाचा सगळा व्यवहार सांभाळून पाहा. नेपथ्याच्या टेम्पोपासून कलाकारांच्या जेवणापर्यंतची जबाबदारी तिथे अंगावर पडते.

सुरुवात निर्मिती सहायक म्हणूनच होईल. कामाच्या अटी लेखी मागा. मालिकांच्या क्षेत्रात पैसे बहुधा ९० दिवसांनी हाती येतात, त्यामुळे पहिल्या चार महिन्यांच्या भाड्याची व जेवणाची सोय करूनच लातूर सोडा.