कॉलेजची जिम्नॅस्ट आहेस ना, मग आधी पडायला शिक

अगं, सिनेमात स्टंट करायचे म्हणतेस तर तुझी बॉडी तयार आहे, बॅलन्स आहे, हे अर्धं काम झालंच, पण एक सवय मोडावी लागेल. जिम्नॅस्टिक्समध्ये आपण दोन्ही पायांवर घट्ट लँड व्हायला शिकतो आणि स्टंटमध्ये नेमकं उलटं, गोळी लागलेला माणूस सुबक लँड होत नाही ना! म्हणून ज्युदोचे ब्रेकफॉल, म्हणजे इजा न होता पडायच्या पद्धती, शिक, हनुवटी छातीशी, हात कधी मागे टेकवायचा नाही (मी टेकवला होता, मनगट गेलं, तीन महिने घरी). उंचावरून एअरबॅगवर (हवा भरलेली मोठी गादी) पडताना पाठीवर सपाट पडायचं, आणि ते कमी उंचीपासून हळूहळू वाढवत, कोच शेजारी असतानाच.

मग फाईटची रिॲक्शन, कॅमेरा कुठेय ते बघून मारायचं, वायरवर्क (तारेला लटकून करायचे स्टंट), ड्रायव्हिंग, जमेल तेवढं शिक. हॉलिवूडची स्टंटवुमन हायडी मनीमेकर पण कॉलेजात जिम्नॅस्टच होती, नंतर अभिनेत्री स्कार्लेट जोहान्सनची डबल झाली, म्हणजे तिच्या जागी स्टंट करणारी, म्हणजे रस्ता आहे.

आणि रिग (दोर, तारा, हार्नेस वगैरे) स्वतः चेक केल्याशिवाय, रिहर्सल झाल्याशिवाय उडी मारू नकोस, कोणी कितीही घाई करू दे, सरळ नाही म्हण. चांगला स्टंट कोऑर्डिनेटर (सेटवर स्टंट ठरवणारा) अशांनाच परत बोलावतो.