संस्थानिकाचा मुलगा म्हणून डायरेक्ट राजदूत? – वाचकांचे प्रश्न

प्रश्न : आमच्या अभ्यासिकेत परवा जाम वाद झाला. एकजण म्हणे, औंधचे अप्पासाहेब पंत राजाचे चिरंजीव म्हणून नेहरूंनी त्यांना सरळ परदेशात नेमलं, परीक्षा नाही की मुलाखत नाही, आणि आम्ही इथे मेसचा डबा खाऊन वर्षानुवर्षं घासतोय. हे खरंय का? आणि त्यांनी तिकडे नेमकं केलं काय?
– एक उमेदवार, सदाशिव पेठ

उत्तर : खरंय. यूपीएससी वगैरे काही दिली नव्हती त्यांनी. पण तुमच्या मित्राला एवढं सांगा की आयएफएस, म्हणजे भारताची परराष्ट्र सेवा, काढायचा निर्णयच मुळी ९ ऑक्टोबर १९४६ चा, आणि अप्पासाहेब भारताचे कमिशनर म्हणून केनियात नैरोबीला गेले १९४८ ला, म्हणजे परीक्षा देऊन वर चढलेले अनुभवी अधिकारी तेव्हा आणायचे कुठून? म्हणून संस्थानांतले, वकिलीतले, प्राध्यापकीतले, लष्करातले असे जे कामाचे वाटले ते घेतले. वशिला होता का? घराण्याचं नाव होतं, ऑक्सफर्ड होतं, बॅरिस्टरी होती, नेहरूंची ओळख होती, उगाच नाही कशाला म्हणायचं.

पण नुसत्या नावावर नेमणूक मिळते, पुढचं काम नाही होत. त्यांचे वडील बाळासाहेब पंतप्रतिनिधी, हेच ते सूर्यनमस्कारवाले, भांडारकर संस्थेच्या महाभारताच्या संशोधित आवृत्तीला मोठी मदत केली तेही हेच. ७२ गावांचं चिमुकलं संस्थान, आणि १९३९ मध्ये या राजाने स्वतःहून सत्ता गावपंचायतींकडे सोपवली. घटनेचा मसुदा गांधीजींच्या सल्ल्याने झाला आणि मॉरिस फ्रीडमन नावाचा एक पोलिश इंजिनियर त्यात पार गुंतलेला होता (हा माणूस एक वेगळंच प्रकरण आहे, त्याच्यावर पुन्हा कधीतरी). अप्पासाहेब या सगळ्याच्या मध्यभागी होते, गावोगाव फिरून लोकांना सांगत होते की आता तुमचं तुम्ही ठरवा. माझ्या मते त्यांचं खरं ट्रेनिंग इथेच झालं, ऑक्सफर्डला नाही.

आता केनिया. राज्य ब्रिटिशांचं. दुकानं आणि कारकुनी बऱ्यापैकी आपल्या गुजराती-पंजाबी लोकांची, आणि तिसऱ्या पायरीवर आफ्रिकन माणूस, स्वतःच्याच देशात. भारताच्या कमिशनरने चहापार्ट्या करायच्या आणि आपल्या व्यापाऱ्यांची गाऱ्हाणी ऐकायची एवढीच अपेक्षा असणार. नेहरूंची भूमिका मात्र स्पष्ट होती, तिथल्या भारतीयांनी आफ्रिकनांच्या हिताआड येऊन काही मागायचं नाही. अप्पासाहेबांनी ती फारच मनावर घेतली. आफ्रिकन नेते जोमो केन्याटा, तिथलं वजनदार कोइनांगे घराणं यांच्याशी दोस्ती, आफ्रिकन मुलांना भारतात शिकायला स्कॉलरशिप मिळवून देणं, नैरोबीत गांधींच्या नावाने शिक्षणसंस्था उभी राहावी म्हणून खटपट. ती पुढे रॉयल टेक्निकल कॉलेजला जोडली गेली आणि आजचं नैरोबी विद्यापीठ त्यातूनच आलं.

गोऱ्या सेटलर लोकांना हे कसं पटणार. ऑक्टोबर १९५२ ला आणीबाणी लागली, केन्याटांना पकडलं, कापेनगुरियाला खटला चालला. त्यांच्या बचावाला भारतातून दिवाण चमनलाल गेले, नेहरूंच्याच पाठिंब्याने. अप्पासाहेबांवर तर ब्रिटिशांविरुद्धच्या माऊ माऊ बंडाला फूस देता असाच संशय, लंडनहून दिल्लीला तक्रारींवर तक्रारी, आणि १९५४ ला त्यांना तिथून हलवलं. गंमत बघा, त्याच वर्षी पद्मश्री पण मिळाली! यजमान सरकारला इतकं चिडवणं योग्य होतं का यावर आजही दोन मतं निघतील. मला विचाराल तर योग्य होतं, कारण केनिया १९६३ ला स्वतंत्र झाला तेव्हा सत्तेत केन्याटाच होते.

पुढचं करिअर भराभर सांगतो : इंडोनेशिया, नॉर्वे, इजिप्त (१९६७ चं युद्ध झालं तेव्हा कैरोतच), लंडनला हायकमिशनर, शेवटी इटली. पण या सगळ्या नेमणुकांच्या आधीची १९५५ ते ६१ ची गंगटोकची सहा वर्षं सोडून चालणार नाही. पद पोलिटिकल ऑफिसर, म्हणजे सिक्कीम, भूतान आणि तिबेटमधली आपली ऑफिसं सगळी एकाच माणसाकडे. १९५८ मध्ये नेहरू भूतानला निघाले तेव्हा भूतानात गाडी जाईल असा रस्ताच नव्हता, मग काय, १४ हजार फुटांवरची नाथुला खिंड ओलांडून तिबेटच्या चुंबी खोऱ्यातून, यातुंगवरून, तट्टांवर आणि याकवर बसून पारोला. पंतप्रधान साठी ओलांडलेले, सोबत इंदिराबाई, आणि या सगळ्या लवाजम्यात अप्पासाहेब. व्हिसा, मुक्काम, चिनी अधिकाऱ्यांची मर्जी, याकला चारा, डिप्लोमसी म्हणजे हे पण असतं बरं का.

प्रश्न : हे औंध म्हणजे आपलं औंधच ना, परिहार चौकवालं?
– एक वाचक, बाणेर

उत्तर : नाही हो! साताऱ्याकडचं, खटाव तालुक्यातलं, यमाईदेवीचं औंध. टेकडीवरचं म्युझियम जरूर बघा, रविवारी सकाळी निघालात तर संध्याकाळी घरी.

प्रश्न : मुलीला आयएफएसच हवंय. शिक्षण सगळं मराठी मीडियमचं, नातेवाईक म्हणतात इंग्लिश फाडफाड नसेल तर नाद सोड. काय करावं?
– एक आई, कर्वेनगर

उत्तर : ताई, नातेवाइकांचं सोडा. मेन्सचे पेपर मराठीत लिहिता येतात, इंटरव्ह्यूही मराठीत देता येतो. मात्र प्रिलिमचा पेपर हिंदी-इंग्लिशमध्येच येतो आणि मेन्सला इंग्लिशचा एक पेपर नुसता पास व्हावाच लागतो, तेवढी तयारी आत्तापासून करून घ्या. सिलेक्शन झाल्यावर एक परकीय भाषा सक्तीने शिकवतात आणि साधारण पहिली पोस्टिंग पण त्याच भाषेच्या देशात, त्यामुळे नव्याने भाषा शिकायची भीती नसलेली मुलगी तिथे पुढेच जाते. कोल्हापूरकडच्या अब्दुल लाटचे ज्ञानेश्वर मुळे १९८३ च्या बॅचचे, सुरुवात जपानमध्ये, नंतर मालदीव, न्यूयॉर्क, आणि पोस्टातल्या पासपोर्ट केंद्रांचं काम झालं ते हे दिल्लीत परराष्ट्र खात्यात असतानाच. मराठीत लिहितातही भरपूर. मुलीला वाचायला द्या, आणि त्या नातेवाइकांनाही एक प्रत!