काळगड बांधताना: वाचकांच्या शंका

प्रश्न: माझ्या कादंबरीत जगाचा काळ स्थिर राखणारा एक गूढ गड आहे. त्याच्या बालेकिल्ल्यात एक दिव्य घड्याळ ठेवलं आहे. पण ज्यांनी ज्यांनी मसुदा वाचला, त्यांना गड ‘पोकळ’ वाटला. काय कमी आहे?

उत्तर: घड्याळं कमी आहेत. एकच घड्याळ असेल तर ते चुकलं हे कुणाला, कशावरून कळणार? दोन असली तर फरक कळतो, पण खोटं कुठलं ते कळत नाही. निवाडा करायला निदान तीन हवीत. 1831 साली निघालेल्या ‘बीगल’ जहाजावर 22 क्रोनोमीटर (समुद्रप्रवासात वापरायची अचूक घड्याळं) होते, ते हौसेखातर नव्हे. आजची आंतरराष्ट्रीय वेळसुद्धा जगभरच्या शेकडो अणुघड्याळांची भारित सरासरी (भरवशाच्या घड्याळाला जास्त वजन देऊन) काढूनच ठरते.

तिन्ही घड्याळं एकाच जातीची मात्र ठेवू नका. एका तळघरात घटिकापात्र (तळाला छिद्र असलेलं, पाण्यावर सोडलं की ठरावीक वेळात भरून बुडणारं भांडं), दुसऱ्यात लंबक, आणि तटात एक अरुंद फट, जिच्यातून ठरावीक तारा दिसतो. थंडी पडली की पाणी दाट होतं, पात्र उशिरा बुडतं आणि पाण्याची वेळ मागे पडते. त्याच थंडीत लंबकाची पोलादी दांडी आखडते आणि तो पुढे पळतो: 10 अंश तापमान उतरलं तर दिवसाला सुमारे 5 सेकंद. एकाच कारणाने दोन घड्याळं विरुद्ध दिशांना चुकतात, हे तुमच्या गडाचं खरं रहस्य ठरू शकतं. ताऱ्याला थंडीवाऱ्याचं सोयरसुतक नसतं. तो फटीत रोज 3 मिनिटं 56 सेकंद आधी येतो. सूर्याला पंच नेमू नका. सावलीची वेळ नोव्हेंबरच्या सुरुवातीला घड्याळाच्या 16 मिनिटं पुढे असते, तर फेब्रुवारीत 14 मिनिटं मागे.

प्रश्न: उंचावर काळ जलद धावतो असं वाचलं. मग ‘गडावर शंभर वर्षं, पायथ्याशी एक रात्र’ असं दाखवता येईल का?

उत्तर: शास्त्राच्या आधारावर नाही. समुद्रसपाटीपेक्षा 1000 मीटर उंचीवरचं अणुघड्याळ दिवसाला साडेनऊ नॅनोसेकंदांच्या (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग) आसपास पुढे जातं. शंभर वर्षांत ही कमाई मिलिसेकंदाच्या एक तृतीयांशाइतकी. परिणाम खरा आहे, 2010 साली तो अवघ्या 33 सेंटिमीटर उंचीच्या फरकातही मोजला गेला. पण त्यावर शतकाची झेप तोलता येत नाही. तेवढी झेप हवी असेल तर सरळ जादू म्हणा आणि तिची किंमत कोण मोजतं ते सांगा. अर्धवट शास्त्रापेक्षा ते केव्हाही बरं.

यातली खरी गंमत दुसरीकडे आहे. त्याच उंचीवर गुरुत्व कमी असल्याने लंबकाचं घड्याळ दिवसाला 13 सेकंदांपर्यंत मागे पडतं (डोंगराच्या स्वतःच्या ओढीमुळे आकडा थोडा कमी भरतो). म्हणजे काळ कणभर पुढे सरकतो आणि लंबक मात्र उलटंच सांगतो. पायथ्याशी जुळवलेलं घड्याळ वर चढवणाऱ्या व्यक्तिरेखेला नेमका इथेच चकवा द्या.

प्रश्न: गडाचे रखवालदार दिवसभर करतात तरी काय?

उत्तर: बहुतेक वेळ पाण्याजवळ बसतात. दिवसाच्या 60 घटिका, एक घटिका 24 मिनिटांची. पात्र बुडालं की उचलायचं, रिकामं करायचं, पुन्हा तरंगत सोडायचं. यात दर खेपेला 5 सेकंद गेले तरी दिवसाअखेर 5 मिनिटांची तूट येते. म्हणून दोन सारखी पात्रं हवीत: पहिलं बुडताक्षणी दुसरं सोडायचं. पाणी वस्त्रगाळ असावं, नाहीतर छिद्रात कचरा अडकतो. जड पाण्याचा क्षार छिद्राभोवती साचतो आणि घटिका नकळत लांबते. तो आंबटाने काढावा, पण टोचा घालून नव्हे. छिद्र एकदा रुंदावलं की पात्र निकामी. खोलीत वारा नको, कारण लाट पात्रात शिरली की ते आधीच बुडतं.

सर्वांत महत्त्वाची त्यांची वही. घड्याळ चुकलं तर काटा हलवायचा नाही, चूक फक्त लिहायची. रोज 3 सेकंद नेमाने मागे पडणारं घड्याळ भरवशाचं. सतत ‘दुरुस्त’ होणारं नाही, कारण प्रत्येक दुरुस्तीने त्याची चाल झाकली जाते.

प्रश्न: शत्रूने गड कसा पाडावा?

उत्तर: तोफांनी नको. लंडनच्या बिग बेन या मनोऱ्यावरच्या घड्याळाच्या लंबकावर जुन्या पेनीचं एक नाणं ठेवलं की ते घड्याळ दिवसाला 0.4 सेकंद पुढे जातं. वेळ जुळवायची ती रीतच आहे. तुमच्या फितुराने दर पौर्णिमेला एकच नाणं ठेवावं. वही नीट असेल तर तो सापडेल. म्हणून त्याने आधी वहीत हात घालावा.

प्रश्न: गडाचा चोरदरवाजा फक्त एका सेकंदापुरता उघडतो. तो क्षण कोणता घ्यावा?

उत्तर: लीप सेकंद. पृथ्वीच्या फिरण्याशी मेळ ठेवायला 1972 ते 2016 या काळात असे 27 सेकंद जोडले गेले. तेव्हा घड्याळ 23:59:59 नंतर 23:59:60 दाखवतं. 2035 पर्यंत ही रीत बंद करायचं 2022 साली ठरलं आहे, तेव्हा कथेचं साल जपून निवडा. तारीख 30 जून किंवा 31 डिसेंबरच घ्या, आजवरचे सगळे या दोन दिवशीच आले. आणि मध्यरात्र आंतरराष्ट्रीय वेळेची धरा, नाहीतर तुमचा नायक दारापाशी काही तास चुकीच्या वेळी पोचेल.