सर्व्हर बंद पडलेला ‘बायोहॅझर्ड आउटब्रेक’ आज मुंबईतून ऑनलाइन खेळता येईल का?

हो, येईल. तुम्ही लिहिलंय की घर दादरला, केबलवाल्याचं फायबर, एक विंडोजचा लॅपटॉप आणि माळ्यावर जुना प्लेस्टेशन २. तीन मित्र ठाणे, मुलुंड आणि वाशीला आहेत आणि चौघांना एकत्र खेळायचंय. प्लेस्टेशन २ वरच्या या झोंबींच्या खेळात (जपानबाहेर नाव ‘रेसिडेंट ईव्हिल आउटब्रेक’) एका वेळी चारच जण खेळतात, म्हणजे तुमचा संच आधीच पूर्ण आहे.

पहिली चूक बहुतेकांची डिस्कमध्येच होते. हा खेळ जपानमध्ये ११ डिसेंबर २००३ ला आला आणि अमेरिकेत मार्च २००४ मध्ये. युरोपात पहिला भाग विकला तेव्हा त्यातली ऑनलाइनची सोयच काढून टाकली होती. आपल्याकडे जुन्या मालात मिळते ती डिस्क बहुधा युरोपच्या पाल या टीव्ही पद्धतीची असते. ती कितीही चकचकीत असली तरी या कामाला निरुपयोगी. अमेरिकेतले अधिकृत सर्व्हर २००७ च्या अखेरीस बंद झाले, जपानमधले २०११ मध्ये. चाहत्यांनी २०१४ मध्ये जो सर्व्हर उभा केला तो जपानी आवृत्तीशी बोलणारा आहे. म्हणून डिस्क जपानीच हवी: पहिल्या भागाचा क्रमांक एसएलपीएम-६५४२८, दुसऱ्या भागाचा, म्हणजे ‘फाइल २’चा, एसएलपीएम-६५६९२. नंतरच्या स्वस्त आवृत्तीवर क्रमांक वेगळा असू शकतो. जपानी वाचता येत नसेल तर चाहत्यांनी केलेला इंग्रजी भाषांतराचा पॅच आहे, तो तुमच्या डिस्कच्या प्रतीवर चढवायचा. मात्र चौघांनीही तोच पॅच, तीच आवृत्ती वापरा.

आता जोडणी कशी होते ते समजून घ्या, कारण पुढे काहीही अडलं तरी नेमकं कुठे अडलं हे त्यावरूनच कळतं. खेळ आधी एक नाव विचारतो: सोनीच्या ‘डीनास’ या पडताळणी सर्व्हरचं. ते नाव डिस्कमध्ये कोरलेलं आहे, ‘गेट१.जेपी.डीनास.प्लेस्टेशन.ऑर्ग’ (टाइप करताना रोमन लिपीत). सोनीचं ते दुकान उठलंय. पण नावाला पत्ता देण्याचं काम डीएनएसचं, आणि डीएनएस कुठला वापरायचा हे आपल्या हातात आहे. चाहत्यांच्या सर्व्हरचा डीएनएस दिला की तो त्याच नावाला स्वतःचा पत्ता देतो, तिथे पडताळणीचं सोंग पार पडतं, मग लॉगिनचं पान येतं आणि शेवटी लॉबी, म्हणजे खेळाडू जमतात ती जागा. नाव, पडताळणी, लॉबी हे तीन टप्पे. डिस्कला हात लावावा लागत नाही.

सुरुवात लॅपटॉपवर करा. पीसीएसएक्स२ हा एम्युलेटर (लॅपटॉपवर प्लेस्टेशन २ ची नक्कल करणारा कार्यक्रम) घ्या, २.० किंवा त्यापुढचा. जुन्या १.६ मध्ये नेटवर्कसाठी वेगळं प्लगइन लागायचं आणि जुन्या व्हिडिओंतल्या सूचना त्याच्याच असतात, त्या पाळत बसू नका. बायॉस, म्हणजे यंत्राचं मूळ सॉफ्टवेअर, स्वतःच्या प्लेस्टेशनमधून काढा. ते जपानी असायलाच हवं असं नाही. सेटिंगमध्ये ‘नेटवर्क आणि एचडीडी’ हे पान उघडा आणि इथरनेट चालू करा. जोडणीचा प्रकार आधी ‘सॉकेट्स’ ठेवा, त्याला वेगळा ड्रायव्हर लागत नाही. नाहीच जमलं तर एनपीकॅप हा नेटवर्कचा ड्रायव्हर बसवून ‘पीकॅप स्विच्ड’ घ्या. ‘पीकॅप ब्रिज्ड’ वायफायवर बहुतेक वेळा चालत नाही, कारण वायफायचं कार्ड दुसऱ्या मॅक पत्त्याची (नेटवर्क कार्डाच्या ओळखक्रमांकाची) पाकिटं पुढे जाऊ देत नाही. मग ‘इंटरसेप्ट डीएचसीपी’ला खूण करा, बाकी पत्ते आपोआप राहू द्या आणि डीएनएस १ ‘मॅन्युअल’ करून तिथे सर्व्हरचा पत्ता भरा. तो पत्ता चाहत्यांच्या सर्व्हरच्या स्वतःच्या पानावरूनच घ्या, पत्ते बदलतात. डीएनएस २ मध्ये सवयीने गूगलचा ८.८.८.८ टाकू नका. खेळ कधी दुसऱ्याकडे विचारतो, तिथून काहीच हाती लागत नाही, आणि मग ‘कधी चालतं, कधी नाही’ असा भुताटकीचा दोष मागे लागतो.

खेळ सुरू करून नेटवर्क निवडलात की तो मेमरी कार्डावर नेटवर्कची फाइल शोधतो. नसेल तर तिथेच तयार करायची. इंटरनेट कंपनीचं नाव-पासवर्ड लागतो का असं विचारलं जाईल, तिथे ‘नाही’. केबलवाल्याने दिलेलं पीपीपीओईचं (इंटरनेट जोडणीच्या लॉगिनचं) नाव-पासवर्ड राउटरमध्ये आहे, खेळाला त्याच्याशी कर्तव्य नाही. ही फाइल ज्या यंत्रावर बनली त्याच्या ओळखीशी बांधलेली असते. मित्राचं मेमरी कार्ड कॉपी करून तुमच्याकडे चालणार नाही. एम्युलेटरमध्ये ही ओळख बायॉसशेजारच्या एनव्हीएम फाइलमध्ये असते. ती पुसली किंवा बायॉस बदललं की नेटवर्कची फाइल नव्याने करा.

पडताळणीतच गाडी अडली तर दहातल्या नऊ वेळा दोष नावाच्या टप्प्यावर असतो. काही इंटरनेट कंपन्या ५३ क्रमांकाच्या पोर्टवरची प्रत्येक विचारणा गुपचूप स्वतःच्या डीएनएसकडे वळवतात. तुम्ही कुणालाही विचारा, उत्तर त्यांचंच येतं. तपासायला विंडोजच्या कमांड खिडकीत एनएसलुकअप लिहून पुढे ते डीनासचं नाव आणि त्यापुढे चाहत्यांच्या सर्व्हरचा पत्ता द्या. उत्तरात त्या सर्व्हरचा पत्ता आला तर रस्ता मोकळा आहे. ‘असं नावच नाही’ असं आलं तर विचारणा वाटेत पळवली गेली. उपाय पीसीएसएक्स२ मध्येच आहे: डीएनएस १ ‘इंटर्नल’ करा आणि अंतर्गत नावांच्या यादीत ही नावं व त्यांचे पत्ते स्वतः लिहा. मग नाव विचारायला खेळ घराबाहेर पडतच नाही. यादी पूर्ण हवी. पडताळणीचं एकच नाव लिहिलंत तर पुढे लॉगिनच्या पानावर अडाल, कारण ते पान केडीडीआय या जपानी कंपनीच्या सेवेच्या नावावर आहे.

लॉगिनचं पान अर्धवट उघडून थिजत असेल तर राउटरचा एमटीयू, म्हणजे एका पाकिटाचा कमाल आकार, बघा. पीपीपीओईवर तो १४९२ च्या वर नको.

सीजीनॅटची भीती इथे बाळगू नका. मुंबईत बऱ्याच जोडण्यांवर एकच बाहेरचा पत्ता अनेक घरांत वाटलेला असतो, त्यामुळे पोर्ट उघडता येत नाही. जे खेळ थेट एका खेळाडूच्या यंत्राशी जोडतात तिथे यानं जीव मेटाकुटीला येतो. इथे चौघंही सर्व्हरला जोडतात आणि तोच एकाची हालचाल बाकीच्या तिघांना पोचवतो. राउटरमध्ये एकही पोर्ट उघडायला नको. स्थिर पत्त्यासाठी केबलवाल्याला जादा पैसेही देऊ नका.

लॅगचं, म्हणजे हालचाल उशिरा पोचण्याचं, गणित वेगळं. फायबरमध्ये प्रकाश सेकंदाला साधारण दोन लाख किलोमीटर जातो. सर्व्हर मध्य युरोपात धरला तर मुंबईपासून सरळ रेषेत साडेसहा हजार किलोमीटर, म्हणजे जाऊन-येऊन ६५ मिलिसेकंद निव्वळ भौतिकशास्त्राचे. समुद्रातल्या केबलची वळणं धरली की सव्वाशेच्या वर जातंच. सप्टेंबर २०२५ मध्ये तांबड्या समुद्रात केबल तुटल्या तेव्हा पश्चिमेकडची वाहतूक लांबून फिरवावी लागली होती. अशा दिवसांत सेटिंगशी झटापट करू नये. सरासरीपेक्षा चढउतार जास्त छळतो. कायम १५० असेल तर हात त्याला सरावतो, १३० वरून ४०० वर उड्या मारत असेल तर झोंबी हाताशी येईपर्यंत पत्ता लागत नाही. सर्व्हरला पिंग (जाऊन-येऊन वेळ मोजणारी आज्ञा) पन्नास वेळा मारा आणि कमाल-किमान बघा. आपल्या इमारतींत भिंतीपलीकडे वीस राउटर असतात, सगळे २.४ गिगाहर्ट्झवर. लॅपटॉपला सरळ केबल लावा, नाहीतर ५ गिगाहर्ट्झ.

एम्युलेटरचा वेग काटेकोर १०० टक्के हवा. फास्ट फॉरवर्ड, पॉझ आणि सेव्ह स्टेट ऑनलाइनमध्ये वर्ज्य, क्षणभर थांबलात तरी सर्व्हरला तुम्ही मेलेलेच दिसता. लॅपटॉप तापून वेग ९० वर येत असेल तर चित्राचं रिझोल्यूशन मूळ पातळीवर आणा. खेळ अंधाराचा आहे, त्यात फार काही हरवत नाही.

माळ्यावरचं यंत्र वापरायचा मोह होणार आणि व्हावाच, जुन्या पिक्चर ट्यूबच्या टीव्हीवर हा खेळ जसा दिसतो तसा दुसरीकडे दिसत नाही. जाडं मॉडेल असेल तर मागे नेटवर्क अडॅप्टर लागतो, बारीक मॉडेलमध्ये पोर्ट आधीच असतं. भारतातलं यंत्र जपानी डिस्क घेत नाही. त्यासाठी फ्री मॅकबूट (चाहत्यांचे कार्यक्रम यंत्रावर सुरू करून देणारं सॉफ्टवेअर) घातलेलं मेमरी कार्ड आणि ओपीएल (डिस्कऐवजी तिच्या प्रतीवरून खेळ चालवणारा कार्यक्रम) लागतं. इथला सापळा असा: ओपीएलमध्ये खेळ नेटवर्कवरून (एसएमबी) चालवलात तर नेटवर्कचं पोर्ट ओपीएलनेच अडवलेलं असतं, ऑनलाइनला काही उरत नाही. जाड्या मॉडेलमध्ये हार्ड डिस्क लावा, बारक्यात यूएसबी. यूएसबी १.१ च्या वेगाची आहे, दारं उघडायला वेळ लागेल. शेवटच्या ९०००० मालिकेतल्या काही यंत्रांवर फ्री मॅकबूट चालतच नाही, कार्ड घेण्याआधी तळाचा क्रमांक बघा. राउटर दाराशी आणि टीव्ही आतल्या खोलीत असेल तर लॅमिंग्टन रोडवरून जुना राउटर घ्या आणि ‘क्लायंट’ मोडमध्ये टाका, तो वायफाय घेऊन यंत्राला केबल देतो.

आणि जपानहून यंत्रच मागवत असाल तर: ते १०० व्होल्टचं आहे. आपल्या २३० च्या प्लगात घातलंत की पॉवर सप्लाय गेला. स्टेपडाउन ट्रान्सफॉर्मर आधी आणा, यंत्राचं खोकं नंतर उघडा. बाहेरून अडॅप्टर लागणारं ७०००० मालिकेतलं बारीक यंत्र असेल तर इथला ८.५ व्होल्टचा अडॅप्टर चालतो.

तुम्ही चौघंच खेळणार असाल तर माझी शिफारस स्वतःचा सर्व्हर उभा करण्याची आहे. चाहत्यांच्या सर्व्हरचा कोड खुला आहे: जावातला कार्यक्रम, मायएसक्यूएलचा डेटाबेस आणि पडताळणी व लॉगिनसाठी अपाची हा वेब सर्व्हर. मुंबईतल्या डेटा सेंटरमधलं सर्वांत लहान भाड्याचं मशीन चौघांना पुरतं आणि ठाण्याहून तिथवरचं अंतर काही मिलिसेकंदांचं असतं. कठीण भाग एकच. प्लेस्टेशन २ ज्या काळातलं एसएसएल (जोडणी एन्क्रिप्ट करायची पद्धत) बोलतो ते ही पद्धत पुरवणाऱ्या आजच्या ओपनएसएसएलने केव्हाच टाकून दिलंय. म्हणून १.०.२ मालिकेतलं जुनं ओपनएसएसएल कमकुवत सायफर (एन्क्रिप्शनचे जुने प्रकार) चालू ठेवून स्वतः कंपाइल करायचं आणि अपाची त्यावर बांधायचा. नेहमीच्या पॅकेजमधून बसवलेला अपाची पडताळणीच्या पहिल्याच हस्तांदोलनाला जोडणी तोडतो आणि लोक डीएनएसमध्ये दोष शोधत बसतात. मशीनवर स्वतःचा डीएनएस उघडा ठेवू नका, असे उघडे डीएनएस दुसऱ्यांवर हल्ले करायला वापरले जातात. त्याऐवजी चौघांनीही ‘इंटर्नल’ यादीच वापरावी. एन्क्रिप्शन कमकुवत असल्याने त्या मशीनवर दुसरं काही ठेवू नका आणि लॉगिनला असा पासवर्ड घ्या जो तुम्ही कुठेही वापरत नाही. सार्वजनिक सर्व्हरवरही हेच.

सार्वजनिक लॉबीत जायचं तर वेळ साधा. जपानमधले रात्रीचे नऊ म्हणजे आपले संध्याकाळचे साडेपाच, जर्मनीतले नऊ म्हणजे उन्हाळ्यात आपले साडेबारा आणि हिवाळ्यात दीड.

पहिल्या रात्री चौघं बसाल तेव्हा व्हॉइस कॉल लावू नका, असं कळकळीने सांगतो. या खेळात बोलण्याची सोय मुद्दाम नाही. उजव्या काडीने ‘इकडे या’, ‘वाचवा’ अशा हाका मारता येतात आणि दूरच्या खोलीतल्या माणसाला त्या ऐकू येत नाहीत. भीती तिथेच आहे. सामानाची यादी उघडली तरी खेळ थांबत नाही आणि विषाणूचा आकडा (तुमच्या अंगात संसर्ग किती टक्के झाला ते) वाढतच राहतो, म्हणून कोण काय उचलणार हे आत शिरण्याआधी ठरवा. खेळातल्या योको या पात्राच्या पाठीवर पिशवी असते, इतरांकडे चार वस्तू मावतात तिथे तिच्याकडे आठ, तेव्हा औषधं तिच्याकडे द्या. आणि आकडा शंभरावर जाऊन तुमच्यातला कुणी पडलाच तर त्याने लगेच खेळ सोडून जाऊ नये: ऑनलाइनमध्ये तो थोडा वेळ झोंबी होऊन उठतो आणि उरलेल्या तिघांच्या मागे लागू शकतो.