आईला घेऊन एका दिवसात मुंबईतली म्युझियम्स?

प्रश्न : साताऱ्याहून आईला एका दिवसासाठी मुंबईला आणतोय, तिला मूर्ती-चित्रं फार आवडतात पण जास्त चालवत नाही, काय काय दाखवू?

उत्तर : सगळं दाखवायला जाऊ नका हो, दक्षिण मुंबईतल्या काळा घोडा भागातच थांबा. आधी छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय (१९२२ ला उघडलेलं, जुनी माणसं अजून प्रिन्स ऑफ वेल्सच म्हणतात), तिथे मीरपूरखासच्या (सिंधमधल्या) बौद्ध स्तूपावरचा भाजक्या मातीचा उपासक आहे, हातात कमळ, डोक्यावर कुरळ्या बटा, त्याच्यासमोर आईंना निवांत थांबू द्या, बाकीची दालनं राहिली तरी चालतील. जेवून शेजारीच जहांगीर आर्ट गॅलरी, तिकीट नाही, चित्रकार बरेचदा स्वतःच बसलेले असतात, आईंनी बिनधास्त विचारावं. समोरचं एनजीएमए (राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालय) सोमवारी बंद, शिवाय आत जिने आहेत, ते पुढच्या वेळी.