मान्यता आली नाही तोवर घरात तोंड कसं दाखवू?

हल्ली माझ्याकडे समुपदेशनाला येणाऱ्यांत शाळेतली माणसं खूप वाढलीत, शिक्षक आहेत, क्लार्क आहेत, शिपाई आहेत, आणि दुखणं सगळ्यांचं एकच. नेमणुकीची ऑर्डर हातात, मस्टरवर रोज सही, पण शिक्षण खात्याची त्या नेमणुकीला वैयक्तिक मान्यता नाही म्हणून शालार्थ या सरकारी पगार प्रणालीचा आयडी नाही, आणि आयडी नाही म्हणून पगार बिलात नावच नाही. 2025 मध्ये नागपूरचं बोगस शालार्थ आयडीचं प्रकरण बाहेर आलं तेव्हापासून तर ज्यांचे कागद चोख आहेत त्यांचीसुद्धा झोप उडालीय.

त्यातले एक सर, ओळख पटू नये म्हणून तपशील बदललेत. अनुदानित हायस्कूलला गणित शिकवतात, शिक्षणसेवक, म्हणजे सुरुवातीची तीन वर्षं मानधनावर असलेले शिक्षक. 2023 पासून माध्यमिकच्या शिक्षणसेवकाला महिना 18 हजार मानधन आहे, पण 14 महिन्यात यांच्या हातात एक रुपया आला नव्हता. आले होते छातीत धडधडतं म्हणून.

तिसऱ्या भेटीत मी विचारलं, सर, घर कसं चाललंय?
"पाच तारखेला अम्माला दहा हजार देतो मॅडम."
कुठून?
बराच वेळ गप्प. मग म्हणाले, "हातउसने. आता गाडीवर लोन काढलंय. तिला वाटतं पगार सुरू झाला."

अम्मा म्हणजे आई, घरात तेलुगू बोलतात. सोलापूरच्या पूर्व भागात तीस वर्षं विड्या वळून तिने यांना बीएडपर्यंत शिकवलं.

मी म्हटलं, अडकलीय ती फाईल, तुम्ही नाही. ते म्हणाले, "बोलायला सोपं आहे मॅडम." खरंच होतं ते. घडलेल्या गोष्टीवरून माणूस स्वतःबद्दल काय ठरवून टाकतो तिकडे माझं लक्ष आधी जातं, आणि यांनी ठरवलं होतं की पगार नाही म्हणजे मला किंमत नाही. पण नुसतं बोलून ते हलणार नव्हतं, कारण दर पाच तारखेला खोटा पगार देऊन ते स्वतःच त्यावर शिक्का मारत होते. हे माझ्या लक्षात आलं आणि मी फाईलचा विषय बाजूला ठेवला, पुढच्या दोन भेटी फक्त अम्माला कसं सांगायचं यावरच घालवल्या.

सांगितलं त्यांनी एका रविवारी, ती पानं कापत बसलेली असताना. पुढच्या भेटीत मला सांगताना सरांचा आवाज भरून आला होता. अम्मा म्हणाली, "कारखान्यात मोजताना खराब म्हणून विड्या बाजूला काढतात, तेवढी मजुरी बुडते. म्हणून मला विडी वळता येत नाही असं मी कधी म्हणाले का रे? पगार नाही याचा राग नाही मला, उसने आणून दिलेस त्याचा आहे."

इतक्या वर्षांच्या प्रॅक्टिसमध्ये मला याहून नेमकं बोलता आलेलं नाही, पण सरांना त्या रविवारपर्यंत नेता आलं याचं समाधान आहे.

ज्यांचं असंच चाललंय त्यांना माझं कळकळीचं सांगणं, घरच्यांना खरा आकडा सांगा, कर्जाचासुद्धा. पॉझिटिव्ह विचार करा असं मी म्हणणार नाही, केलेल्या कामाचा पैसा अडकलाय, राग यायलाच हवा. पण त्या रागाला आठवड्यातला एक दिवस द्या. संस्थेने प्रस्ताव कधी पाठवला, आवक नंबर काय, त्रुटी निघाली असेल तर ती बिंदुनामावलीची (आरक्षणाच्या रोस्टरची) आहे की संचमान्यतेची (शाळेला मंजूर पदांची), हे लेखी घ्या, मिळत नसेल तर माहिती अधिकारात अर्ज टाका, तीस दिवसात उत्तर द्यावं लागतं. ऑर्डर आणि मस्टरच्या झेरॉक्स घरी ठेवा, थकीत बिलाच्या वेळी लागतील. आणि "करून देतो" म्हणणाऱ्या एजंटला एक पैसा देऊ नका. बाकीचे सहा दिवस फाईलचं नाव काढायचं नाही. "पगार झाला की" म्हणून पुढं ढकललेलं एखादं बिनपैशाचं काम आजच करा.

सर आता संध्याकाळी घरीच दहावीची ट्यूशन घेतात, लोनचा हप्ता त्यातून जातो. मान्यता अजून आलेली नाही. सिद्धेश्वरांच्या गड्ड्याच्या यात्रेला अम्माला घेऊन गेले होते, गेल्या वर्षी ओळखीचं कुणी भेटून पगाराचं विचारेल म्हणून गेलेच नव्हते. यंदा भेटला एक जुना मित्र, त्याने विचारलं, आणि सरांच्या आधी अम्मानेच सांगितलं, "अजून नाही झाला."