एसी बंद असलेल्या गाडीतून मे महिन्यात लातूर ते परभणी कसं जायचं?

बायको-लेकरांना घेऊन जायचंय, असं तुम्ही लिहिलंय. मी मागचे दोन उन्हाळे याच रस्त्यावर असेच काढलेत. दोनदा गॅस भरला, दोनदा उडाला. तिसऱ्यांदा मेकॅनिकनं कूलिंग कॉइलचा आकडा सांगितला, मी नाद सोडला.

पहाटे पाचला निघा. नऊच्या आत परभणीत असाल, मग खालचं काहीच लागणार नाही.

दुपारीच निघणं भाग असेल तर काचा पूर्ण खाली घेऊ नका. ४२ अंशांत येतो तो वारा नसतो, झळ असते. हवाच अंगापेक्षा तापलेली, ती कोरड्या अंगाला काय गार करणार? अंग ओलं पाहिजे. आपली हवा कोरडी, त्यामुळे पाणी झपाट्यानं उडतं आणि उडताना उष्णता घेऊन जातं. (मुंबईच्या मेव्हण्यानं तिकडं हेच करून पाहिलं, नुसता चिकचिकाट झाला.)

सुती दस्ती ओली करायची, पिळायची, मानेभोवती टाकायची. काच चार बोटं खाली. परळीपर्यंत ती खडखडीत वाळते, म्हणून पाण्याचा पाच लिटरचा कॅन वेगळा ठेवा. पूर्वी जीपच्या पुढं कॅनव्हासची छागल लटकायची, आठवते का? तिचंही गणित हेच. मी आता बाटलीला ओला मोजा चढवून खिडकीच्या वाऱ्यात धरायला लावतो. पोरं हसतात, पण पाणी गार होतं.

ब्लोअर बाहेरची हवा घेईल असा ठेवा आणि हीटरचा खटका पूर्ण थंडवर आहे ना, बघा. माझा अर्ध्यावर अडकला होता, महिनाभर कळलंच नाही!

गंगाखेडला चहाला थांबलात तर पुढच्या काचेला आतून पांढरं कापड लावा, बेल्टची बकलं सीटखाली ढकला. धाकटीच्या मांडीला एकदा चटका बसलाय. परतल्यावर एका बाजूची काच खाली करून पलीकडच्या बाजूचं दार चार-पाच वेळा उघडझाप करा, कोंडलेली वाफ निघून जाते. लेकरांना "दोनच मिनिटं" म्हणूनसुद्धा बंद गाडीत ठेवू नका.

काळ्या फिल्मचं विचारलंत. सर्वोच्च न्यायालयानं २०१२ मध्ये बंदी घातली. नंतर नियम थोडे सैल झाले, तरी बाजूच्या काचेतून निदान ५० टक्के उजेड आत आला पाहिजे. दुकानदार "चालतंय" म्हणेल, दंड तुम्ही भराल. त्यापेक्षा उन्हाच्या बाजूला बायकोची जुनी ओढणी काचेत अडकवा, फक्त मागच्या सीटला.